पणजोबा त्या सभेला गेले होते

तुम्ही बदलापूर स्टेशनावर उतरता तेव्हा फलाटावर कोळशाचा धूर आहे. मंगळवार, 3 मे 1927. वैशाख शुद्ध द्वितीया, उद्या अक्षय्यतृतीया. कल्याणच्या पुढे अजून विजेची गाडी आलेली नाही, त्यामुळे इंजिनाची काजळी तुमच्या सदऱ्यावर आणि कानामागे बसली आहे. ज्या स्टेशनावर तुम्ही रोज सकाळी लोकलच्या दारात पाय टेकवायला जागा शोधता, ते हे वाटतच नाही. टॉवर नाहीत, रिक्षांची रांग नाही. भाताची कोरडी खाचरं, बांधाला करवंदीच्या जाळ्या आणि लांबवर उल्हास नदीच्या अंगाला गाव. गावाकडे जाणाऱ्या धुळीच्या वाटेवर माणसांची रीघ लागली आहे. बैलगाड्या आहेत, पण बहुतेक लोक पायीच.

तुम्ही इथे पणजोबांना शोधायला आला आहात.

तुमच्या घरात एक गोष्ट तीन पिढ्या सांगितली गेली आहे. "आपले आप्पा बाबासाहेबांच्या सभेला गेले होते. इथेच, बदलापुरात." कॉलेजात असताना आरक्षणावरून घरात वाद पेटला, तेव्हा आजोबांनी हेच सांगितलं. आत्याच्या मुलाने जातीबाहेर लग्न ठरवलं, तेव्हाही बैठकीत हेच वाक्य आलं. ते आलं की पुढचं बोलणं खुंटायचं. आपलं घर तसलं नव्हतं, हे त्यातून न बोलताच ठरून जायचं.

गोष्ट खरी आहे. शिवजयंतीचा हा त्रिशतसांवत्सरिक उत्सव आहे आणि अध्यक्ष म्हणून बोलावलं आहे डॉ. भीमराव आंबेडकरांना. बोलावणारे गावातले सवर्ण आहेत, पुढाकार पालये शास्त्रींचा. 1927 साली एका ब्राह्मण शास्त्र्याने हे करायला काय लागलं असेल, याचा अंदाज तुम्हाला वाटेवरच येतो. दोन म्हातारे हळू आवाजात शास्त्रींना नावं ठेवत चालले आहेत. महाडला दीड महिन्यापूर्वी जे झालं ते विसरलात का, असं एक जण विचारतो. दुसरा फक्त थुंकतो.

आप्पा तुम्हाला लगेच ओळखू येतात. हनुवटी तुमच्या वडिलांची, कपाळ तुमचं. वय चोवीस. डोक्यावर काळी टोपी, खांद्यावर उपरणं. ते गर्दीच्या मधोमध नाहीत, कडेला एका आंब्याच्या बुंध्याशी उभे आहेत. अध्यक्षांच्या खुर्चीत छत्तीस वर्षांचे बॅरिस्टर, मुंबई विधिमंडळाचे नुकतेच नेमले गेलेले सदस्य, महिन्यापूर्वीच ‘बहिष्कृत भारत’ सुरू केलेले संपादक. आप्पा त्यांच्याकडे टक लावून बघतात. भाषणाच्या एका टप्प्यावर ते टाळी वाजवतात, मग आजूबाजूला बघून हात खाली घेतात. त्यांचा चेहरा खोटा नाही. या माणसाला हे बोलणं पटतं आहे.

इथेच परत फिरलात तर घरची गोष्ट शाबूत राहील. पण रात्री उशिरा, द्वितीयेची कोर केव्हाच मावळल्यावर, तुम्ही आप्पांच्या मागे घरापर्यंत जाता.

ते ओसरीवर चढत नाहीत. मागच्या दाराने विहिरीवर जातात आणि अंगावरच्या धोतरासकट डोक्यावरून तीन घागरी ओतून घेतात. आतून त्यांच्या आईचा आवाज येतो, "कुणाला शिवलास का रे?"

"गर्दी होती," आप्पा म्हणतात.

"मग जानवं बदल."

ते बदलतात. वाद घालत नाहीत, चेहऱ्यावर त्रासही नाही. अंघोळीसारखी अंघोळ.

दुसऱ्या दिवशी सकाळी, अक्षय्यतृतीयेच्या गडबडीत, महारवाड्यातली एक बाई लाकडांची मोळी घेऊन येते. मोळी अंगणात टाकते आणि दहा हात लांब जाऊन उभी राहते. उन्हाने तिचा चेहरा रापला आहे, ओठांना भेगा पडल्या आहेत. पाणी मागताना ती ‘पाणी’ असंही म्हणत नाही, नुसतं "आप्पा..." म्हणते. गोठ्याच्या वळचणीला कान तुटलेला एक चिनी मातीचा कप खोचलेला आहे. तो फक्त चहासाठी आणि चहा सणासुदीलाच. पाण्याला ओंजळ. ती वाकते, दोन्ही हात तोंडाशी जोडते. आप्पा तांब्या तिच्या हातांपासून चांगला हातभर वर धरतात आणि धार सोडतात. धार बारीक आहे, नेम धरून सोडलेली. तरी निम्मं पाणी मनगटावरून कोपरापर्यंत ओघळतं, लुगड्यात जिरतं. ती भराभरा गिळते, कारण धार कधी थांबेल ते तिच्या हातात नाही. मध्येच तिला ठसका लागतो. आप्पा थांबतात, ठसका जाईपर्यंत वाट बघतात, मग पुन्हा ओततात. "पोराचा ताप उतरला का?" ते मायेने विचारतात. ती मान हलवते. ती गेल्यावर घरातली सून कळशी घेऊन येते आणि बाई उभी होती त्या जागेवर पाणी शिंपडते.

बघताना सगळ्यात जड जाते ती ही माया. आप्पा दुष्ट असते तर तुम्ही त्यांना झटकून टाकलं असतं. ते भले आहेत. पोराच्या तापाची आठवण ठेवणारे आहेत. आणि तांब्या हातभर वर धरणारेही तेच आहेत. तुम्ही "आप्पा, तांब्या खाली घ्या" असं ओरडता, पण या प्रवासात आवाज पोचत नाही.

घरी जायची इच्छा होते. पण तुमच्या तोंडात एक वाक्य तयार आहे, "त्या काळी सगळेच तसे होते." ते खरं आहे का, हे बघायला तुम्हाला आणखी थोडं मागे जावं लागेल.

रविवार, 20 मार्च 1927. महाड. कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषदेचा दुसरा दिवस. परिषदेला आलेल्या माणसांना गावात पाणी मिळत नाही, म्हणून एका दिवसाचं पाणी चाळीस रुपये मोजून विकत घेतलं आहे. चाळीस रुपयांत तेव्हा एखाद्या घराचा महिना निघेल. चवदार तळं हाकेच्या अंतरावर आहे. तिथे गुरं पाणी पितात, परधर्माचा माणूस पितो, त्याला कुणी अडवत नाही. 1923 साली सीताराम केशव बोले यांनी मुंबई विधिमंडळात मांडलेला ठराव मंजूर झालेला आहे की सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले आहेत. महाड नगरपालिकेने 1924 साली आपलं तळंही तसं खुलं केलं आहे, कागदावर. तीन वर्षांत एकाही अस्पृश्याने त्या पाण्याला हात लावलेला नाही, कारण लावला तर काय होईल हे सगळ्यांना ठाऊक आहे.

परिषद संपत आली असताना अनंतराव चित्रे उठतात. कायस्थ प्रभू घरातला हा माणूस म्हणतो की आपण आत्ताच तळ्यावर जाऊ. आणि लोक निघतात. भर उन्हात, शिस्तीत, महाडच्या बाजारपेठेतून. तुम्ही त्या रांगेच्या कडेकडेने चालता. दोन्ही बाजूंच्या ओट्यांवर माणसं उभी आहेत, दारं अर्धवट लावलेली. तळ्याच्या काठावर आंबेडकर वाकतात, ओंजळ भरतात आणि पितात. मग बाकीचे. तुमच्या शेजारचा एक पोरगा दोन घोट पिऊन थांबतो आणि ओंजळीतल्या पाण्याकडे बघत राहतो. त्याच्या हातावर वरून कुणी ओतलेलं ते पाणी नव्हतं.

दोन तासांत अफवा उठते की आता हे वीरेश्वराच्या देवळात शिरणार. काठ्या निघतात. मंडपात जेवत बसलेल्या, गावाकडे परतणाऱ्या माणसांना गाठून मारलं जातं. अन्न मातीत जातं. पुढे गावातले धर्ममार्तंड 108 घागरी शेण, गोमूत्र, दूध, दही तळ्यात ओततात, मंत्र म्हणतात आणि पाणी शुद्ध झाल्याचं जाहीर करतात. बदलापूरच्या अंगणात तुम्ही कळशीभर पाणी शिंपडलेलं बघितलंत. इथे त्याचाच मोठा विधी आहे, चारचौघांत केलेला.

आता त्याच महाडला, त्याच वर्षीच्या डिसेंबरात थांबा. नगरपालिकेने ऑगस्टमध्ये आपला ठराव मागे घेतला आहे. काही सवर्णांनी तळं खाजगी आहे असा दावा लावून 14 डिसेंबरला न्यायालयाचा तात्पुरता मनाई हुकूम मिळवला आहे. सत्याग्रहासाठी माणसं बोटीने दासगावला उतरून चालत आली आहेत. मंडपाला गावात कुणी जागा देत नाही. ती दिली आहे फत्तेखान नावाच्या एका मुसलमान गृहस्थाने. 25 डिसेंबरच्या रात्री मंडपासमोर खणलेल्या चौकोनी खड्ड्यात मनुस्मृती जाळली जाते. जाळण्याचा ठराव कुणी मांडला ते नीट ऐका. गंगाधर नीलकंठ सहस्रबुद्धे. चित्पावन ब्राह्मण.

सहस्रबुद्धे 1927 सालीच जगत होते. चित्रे 1927 सालीच जगत होते. त्यांना आप्पांपेक्षा वेगळी शाळा, वेगळे ग्रंथ, वेगळे आईबाप मिळाले नव्हते. महाड नगरपालिकेचे अध्यक्ष सुरेंद्रनाथ टिपणीस चित्रेंच्याच समाजातले, आणि तेही या परिषदेच्या बाजूने उभे राहिले. बदलापूरच्या पालये शास्त्रींचं घर तर तुमच्या आप्पांच्याच गावात होतं. म्हणजे "सगळेच तसे होते" हे खरं नाही. निवड करता येत होती. ती महाग होती, ती फार थोड्यांनी केली, पण ती होती. आप्पांनी ती एका संध्याकाळपुरती केली आणि रात्री विहिरीवर धुऊन टाकली.

मी हे कठोरपणे लिहितो आहे, याची मला कल्पना आहे. सभेला जाणंही तेव्हा सोपं नव्हतं आणि ते आप्पांच्या खात्यातून कुणी काढून घेऊ नये. पण ज्या घराने सभा आठवणीत ठेवली आणि विहीर विसरली, त्या घराच्या आठवणीवर विसंबून चालणार नाही.

1948 च्या फेब्रुवारीत कल्याण स्टेशनावर या. आप्पा आता पंचेचाळिशीचे आहेत. फलाटावर दोन तऱ्हेची माणसं आहेत. पहिली सिंधमधून आलेली, पेट्या, गाठोडी, भांबावलेली म्हातारी माणसं. त्यांना पलीकडे कल्याण कॅम्पला न्यायचं आहे, लढाईसाठी बांधलेल्या लष्करी बराकींत. पुढल्या वर्षी, 8 ऑगस्ट 1949 ला, गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी त्या वस्तीला उल्हासनगर म्हणतील आणि जवळपास एक लाख निर्वासितांचं ते गाव होईल. ‘कॅम्प चार, बराक अमुक’ असा पत्ता तिथे आजही सांगतात. दुसरी माणसं थोडी आहेत, मराठी बोलणारी. 30 जानेवारीला गांधीजींचा खून झाला, मारणारा नथुराम गोडसे ब्राह्मण निघाला आणि सातारा, सांगली, कोल्हापूरच्या पट्ट्यात ब्राह्मणांची घरं पेटली. आप्पांचे मेहुणे सातारा जिल्ह्यातल्या आपल्या गावाहून एका पिशवीनिशी आले आहेत. वाडा जळला. त्यांनी ना गोडसेला बघितलं होतं, ना त्याचं काही वाचलं होतं.

ही गोष्ट तुमच्या घरात कशी सांगितली जाते ते तुम्हाला माहीत आहे. बारीकसारीक तपशिलासह. रॉकेल कुणी आणलं, देवघरातली समई कशी वितळली, शेजारच्या कुणब्याच्या घरात बायकामुलं कशी लपली. तीन पिढ्यांत त्यातला एक धागा निसटलेला नाही. आणि 1927 चं मात्र एकच वाक्य उरलं.

ते जळणं अन्यायच होता. जन्माने कुणी खुनी ठरत नाही आणि ज्याने केलं नाही त्याला जाळणं हा गुन्हाच आहे. हे वाक्य तुमच्या घराने मनापासून म्हटलं आणि ते बरोबर म्हटलं. पण जन्माने दोष येत नाही हे 1948 साली इतकं लखलखीत दिसलं, तर जन्माने विटाळ कसा येत होता? मोळीवाल्या बाईला कुठल्या खुनाची शिक्षा होती? मेहुण्यांवर तो दिवस एकदा आला. तिच्यावर तो रोज येत होता, तिच्या आईवर आला होता, आणि महार वतनाची सक्तीची गावकी कायद्याने संपायला 1958 साल उजाडावं लागलं. ही दोन दुःखं तराजूत घालायची नाहीत. एका दुःखाची आठवण दुसऱ्याच्या आठवणीवर झाकण म्हणून ठेवू नका, एवढंच.

हे आपल्याकडेच घडतं असं नाही, म्हणून या प्रवासात एक मुक्काम जर्मनीत करायला हवा.

युद्धानंतरची पहिली काही वर्षं तिथल्या घरांतही आपलंच दुःख बोललं जात होतं. पूर्वेकडून एक कोटीहून अधिक जर्मन हाकलले गेले होते, शहरं बॉम्बने बेचिराख झाली होती. ते खरंच सोसलेलं होतं. त्याच्या आडोशाला साठ लाख ज्यूंच्या हत्येबद्दलचं मौन नीट बसलं. 1946 साली तत्त्वज्ञ कार्ल यास्पर्स यांनी आपल्या देशबांधवांना दोषाचे थर वेगळे करून सांगितले. गुन्हा ज्याने केला त्याचाच. पण ज्या राज्याने तो केला त्याच्या परिणामांची जबाबदारी सर्व नागरिकांची, आणि आपण स्वतः काय केलं, काय बघून गप्प बसलो, याचा जाब प्रत्येकाने आपल्या मनाला द्यायचा. तेव्हा हे फार थोड्यांनी ऐकलं. डिसेंबर 1963 मध्ये फ्रांकफुर्टला आउश्वित्झ छावणीच्या पहारेकऱ्यांवर आणि अधिकाऱ्यांवर खटला उभा राहिला, तो फ्रिट्झ बाउअर या सरकारी वकिलाच्या चिकाटीमुळे. कोर्टात बसलेल्या तरुणांनी पहिल्यांदा बघितलं की आरोपी राक्षसासारखे दिसत नाहीत. ते औषधविक्रेते आहेत, कारकून आहेत, सुट्टीच्या दिवशी नातवंडांना खेळवणारे आहेत. घरी जाऊन त्या तरुणांनी बापांना विचारलं, तुम्ही कुठे होतात? अनेक घरांत त्या रात्री जेवणं झाली नाहीत.

हान्स फ्रांक हा व्याप्त पोलंडचा नाझी गव्हर्नर. ऑक्टोबर 1946 मध्ये तो फासावर गेला तेव्हा मुलगा निकलास सात वर्षांचा होता. त्याने 1987 साली बापावर पुस्तक लिहिलं, इतकं रागाने भरलेलं की जर्मन वाचक हादरले. बापाच्या प्रेताचा फोटो तो खिशात बाळगत आला आहे. मला निकलासबद्दल आदर आहे, पण तो मार्ग सगळ्यांना जमणार नाही आणि सगळ्यांनी घेऊही नये. बापाचा द्वेष करणं हेही शेवटी बापाभोवतीच फिरणं असतं. मारल्या गेलेल्यांकडे बघायला त्यात डोळे उरतीलच असं नाही.

मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते 2002 साली आलेलं हाराल्ड वेल्झर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचं काम. त्यांनी एकेका घरातल्या तीन पिढ्यांशी बोलून बघितलं. आजीआजोबांनी सांगितलेली गोष्ट मुलांच्या तोंडी थोडी बदलते आणि नातवंडांच्या तोंडी येईपर्यंत आजोबा वीर होऊन जातात. कुणाला तरी दिलेला पावाचा तुकडा नातवाच्या गोष्टीत ‘लपवून वाचवलं’ असा होतो. नातवंडं खोटं बोलत नसतात. शाळेत ती नाझींबद्दल सगळं शिकलेली असतात. त्यामुळेच तर आपल्या प्रेमाच्या आजोबांना त्या सगळ्यातून बाहेर काढावंसं वाटतं. प्रेमापोटीच इतिहास पुसला जातो. "आपले आप्पा सभेला गेले होते" हे वाक्य आता पुन्हा म्हणून बघा.

बर्लिनच्या फुटपाथवर एका घराच्या दारासमोर वाका. दहा सेंटिमीटर लांबी-रुंदीचा पितळी पत्रा दगडावर बसवलेला आहे. त्यावर इथे कोण राहत होतं, जन्म कधी, पकडून कधी नेलं, मारलं कुठे, एवढंच कोरलेलं. गुंटर डेम्निग या कलाकाराने 1990 च्या दशकात हे दगड बसवायला सुरुवात केली. 2023 मध्ये एक लाखावा दगड बसला, अनेक देशांत मिळून. एकेका नावासाठी त्या इमारतीतले आजचे रहिवासी, शाळेतली मुलं जुन्या नोंदी उकरतात, वर्गणी काढतात. त्या रहिवाशांनी कुणाला मारलेलं नाही. ते फक्त त्या घरात राहतात.

आणि 7 डिसेंबर 1970 ला वॉर्साच्या ज्यू वस्तीतल्या स्मारकापुढे ओल्या फरशीवर गुडघे टेकणारा जर्मन चॅन्सेलर विली ब्रांट आठवा. नाझी सत्तेवर आले तेव्हा तो देश सोडून पळाला होता, त्यांच्या विरोधात काम करत होता. त्याच्याकडे मागण्यासारखी कसलीच माफी नव्हती. सहस्रबुद्धेंकडेही नव्हती. ज्यांच्यावर दोष सगळ्यात कमी असतो तेच आधी वाकतात, हे मला दोन्हीकडे दिसतं. बाकीचे वाकायला घाबरतात, कारण वाकलं तर दोष कबूल केल्यासारखं होईल असं त्यांना वाटतं.

परत या. आजचं बदलापूर. आप्पांच्या वाड्याच्या जागी सात मजली इमारत आहे. विकसकाशी करार झाला, तुमच्या वाट्याला दोन फ्लॅट आले. आप्पांचा तांब्याचा हात तुम्हाला वारशात मिळालेला नाही, त्याची शिक्षा तुम्हाला कुणी देऊ नये. पण जमीन मिळाली आहे. आप्पा सातवी झाले, आजोबा मॅट्रिक, वडील पदवीधर, ही शिडी मिळाली आहे. कुठल्याही कचेरीत खुर्ची ओढून बसताना पाय अडखळत नाहीत, हेही मिळालं आहे. मोळीवाल्या बाईच्या पणतूला यातलं काय मिळालं? तोही कदाचित तुमच्याच लोकलमध्ये असेल. त्याच्या घरात त्या पाण्याची गोष्ट तुमच्यासारखी एका वाक्यात उरकलेली नसेल.

इथे मला एक स्पष्ट सांगायला हवं. हा प्रवास मी ब्राह्मण घरातला घेतला, कारण 1948 च्या वाटेनेही जायचं होतं. म्हणून मराठा, कायस्थ, वाणी, आगरी, माळी घरांनी सुटकेचा श्वास टाकू नये. महाडच्या बाजारात काठ्या घेऊन उतरलेले सगळे पोथ्या वाचणारे नव्हते. पाणवठा ज्याच्या त्याच्या आळीत होता आणि अडवणारे हातही आळीआळीत होते.

शिवाय हा फक्त पणजोबांचा मामला नाही. राज्यघटनेच्या सतराव्या कलमाने अस्पृश्यता संपवली. त्यानंतर सहा दशकांनी, 2011-12 च्या भारत मानवी विकास सर्वेक्षणात, सुमारे 27 टक्के घरांनी आपण आजही ती पाळतो असं स्वतः सांगितलं. तोंडाने कबूल करणारे इतके, तर न सांगणारे किती? महारवाडा, मांगवाडा अशी वस्त्यांची जातीवाचक नावं बदलायचा निर्णय महाराष्ट्र मंत्रिमंडळाने घेतला तो डिसेंबर 2020 मध्ये. चवदार तळ्याच्या खटल्याचा निकाल मुंबई उच्च न्यायालयाने 17 मार्च 1937 ला आंबेडकरांच्या बाजूने दिला, म्हणजे एका ओंजळीला कायद्याने हो म्हणायला दहा वर्षं लागली. मनाला किती लागतील, हे घराघरांतल्या बोलण्यावर ठरेल.

म्हणून काय करायचं ते मी थेट सांगतो. दलित मित्राला फोन करून माफी मागू नका. त्याच्यावर तुम्हाला मोकळं करायची जबाबदारी टाकायचा तुम्हाला हक्क नाही. पणजोबांच्या फोटोवर रागही काढू नका. घरात पंच्याऐंशी-नव्वदीचं कुणी असेल, आजी, मोठी आत्या, गावाकडची काकू, तर त्यांच्याजवळ बसा. "आपल्याकडे जातपात होती का?" असं विचारलंत तर "छे, आपल्याकडे नव्हतं" हेच ऐकू येईल. तसं विचारू नका. असं विचारा: बाहेरच्यांचा कप कुठे ठेवायचे? पाणी कोण ओतायचं, किती वरून? मेलेलं जनावर ओढायला कोण यायचं, त्याचं नाव काय, त्याला भाकरी कुठे वाढायचे? ती बाई उभी राहायची त्या जागेवर पाणी कोण शिंपडायचं, आजी, तू शिंपडलंस का? मध्येच समजूत घालू नका, "त्या काळी चालायचंच" म्हणून त्यांना सोडवूही नका. त्या बोलतील. बहुतेकींना हे नीट आठवत असतं, आजवर कुणी विचारलेलं नसतं.

जे सांगतील ते लिहून ठेवा. गाव, साल, माणसांची नावं, जशी आठवतील तशी. सभेला गेलेले आप्पा लिहा आणि विहिरीवर गेलेले आप्पाही त्याच पानावर लिहा. मग ते पान आपल्या मुलांना वाचून दाखवा. हे सांगू शकणारी शेवटची पिढी आता नव्वदीला टेकली आहे. या रविवारीच जा.